चोकेकिराओला जाण्याआधी: उतारापासून सुरू होणारी तयारी

चोकेकिराओचा ट्रेक उलटा आहे, हे आधी डोक्यात पक्कं बसवा. आपल्याकडे गड म्हटला की आधी चढायचं, वर पोचून डबे उघडायचे आणि मग उतरायचं. पेरूमध्ये कुस्को शहराच्या पश्चिमेला आपुरिमाक नदीने कोरलेली प्रचंड दरी आहे आणि इंकांचं हे ठाणं दरीच्या पलीकडच्या अंगाला, साधारण ३,०५० मीटरवर वसलंय. वाट सुरू होते ती अलीकडच्या कड्यावर कापुलियोकला, २,९०० मीटरच्या आसपास. तिथून १,५०० मीटरपर्यंत, थेट नदीकाठी उतरायचं, प्लाया रोसालिनाचा पूल ओलांडायचा आणि जेवढं उतरलो तेवढंच समोरच्या भिंतीसारख्या डोंगरावर चढायचं. परतताना पुन्हा तेच. जाऊन-येऊन साधारण साठ किलोमीटर चाल होते आणि शेवटच्या दिवशी, अंगातली रग जिरलेली असताना, सगळ्यात मोठा चढ वाट पाहत असतो.

म्हणून तयारीची यादी बूट-सॅकपासून सुरू करू नका, गुडघ्यांपासून करा. आपली मंडळी परदेशातल्या ट्रेकसाठी दम वाढवतात, धावतात, जिने चढतात. ते चांगलंच आहे, पण इथे पहिला अख्खा दिवस उताराचा असतो. धुळीची, नागमोडी, भुसभुशीत खड्यांची वाट. मांडीचे पुढचे स्नायू या उतारानेच भरून येतात आणि दुसऱ्या दिवशी त्याच पायांनी चढायचं असतं. निदान तीन-चार महिने आधीपासून जिने चढण्याइतकंच जिने उतरण्याकडे लक्ष द्या: सावकाश, पाठीवर सहा-सात किलो घेऊन, पाऊल न आपटता. एका पायावर उभं राहून दुसरा पाय पायरीखाली हळूहळू टेकवायचा व्यायाम रोज केला तर महिन्याभरात फरक कळतो. गुडघा आधीच कुरकुरत असेल, तर तिकीट काढण्यापूर्वी हाडांच्या डॉक्टरांना दाखवा. त्या दरीत मधूनच माघार घेण्याची सोय नाही. कुठूनही परत फिरलात तरी चढच आहे.

सह्याद्रीत या ट्रेकचा सराव फार छान होतो. पुण्याच्या लोकांनी केळदहून उपांड्या घाट उतरावा आणि मढे घाटाने वर यावं. आधी उतार, मग कोकणातला उकाडा, मग दमलेल्या पायांनी चढ, हाच चोकेकिराओचा क्रम आहे. उंचीचा फरक मात्र तिथल्या एका बाजूच्या निम्म्याहूनही कमी, म्हणून शेवटच्या महिन्यात लागोपाठ दोन दिवस मोठी चाल ठेवा. मुंबईकरांसाठी खांडसहून गणेश घाटाने भीमाशंकर गाठणं आणि त्याच दिवशी उतरणं चांगलं. सिंहगड करणाऱ्यांनी आतकरवाडीहून एकाच सकाळी दोन खेपा कराव्यात, आणि उतरताना गाडीने यायचा मोह टाळावा. मार्च-एप्रिलच्या उन्हात पहाटे निघून सकाळी दहा-अकरापर्यंत आटोपणारे ट्रेक मुद्दाम करा, कारण आपुरिमाकच्या तळाशी असंच भाजून काढणारं ऊन असतं.

कधी जायचं? मे ते सप्टेंबर. नोव्हेंबर ते मार्च तिथला पावसाळा, तेव्हा दरडी येतात, वाट निसरडी होते. मे महिना मला सगळ्यात योग्य वाटतो: पाऊस नुकताच सरलेला, डोंगर अजून हिरवे आणि आपल्या शाळांना सुट्ट्या. जूनच्या २४ तारखेला कुस्कोत इंती रायमीचा मोठा उत्सव असतो. तो पाहायचा असेल तर राहण्याची सोय फार आधी करा.

दिवस किती? बहुतेक कंपन्या चार दिवसांचा कार्यक्रम विकतात. शक्य असेल तर पाच दिवसांचाच घ्या. चार दिवसांत पोचायची आणि परतायची घाई इतकी असते की ज्याच्यासाठी गेलो ते अवशेष पाहायला जेमतेम अर्धा दिवस हाती लागतो. चोकेकिराओचा मोठा भाग अजून जंगलाखालीच आहे, पण जो मोकळा केलाय तोही डोंगरभर पसरलेला आहे. वरचा चौक, खालचा चौक, माथा तासून सपाट केलेली विधींची टेकडी, कोठारं, पाण्याचे पाट आणि पश्चिमेच्या उतारावरच्या त्या प्रसिद्ध पायऱ्या-पायऱ्यांच्या शेतांचे बांध. या बांधांच्या काळपट दगडांत पांढऱ्या दगडांचे लामा, म्हणजे तिथली ओझेवाहू जनावरं, बसवलेले आहेत. जगाला ते कळले २००४-०५च्या सुमारास. तिथे जायला मुख्य चौकातून बरंच खाली उतरावं लागतं आणि अर्थातच परत चढावं लागतं. हा चढ-उतार तुमच्या कंपनीच्या कार्यक्रमात आहे का, हे आधीच विचारून घ्या. लामा न पाहता परतणारे लोक बहुधा पायांत त्राण न उरल्यामुळे परततात.

थोडं वाचूनही जा. इथली बांधकामं पंधराव्या शतकातली, इंका राजा पाचाकुती आणि त्याचा मुलगा तुपाक इंका युपान्की यांच्या काळाशी जोडली जातात. स्पॅनिश आल्यानंतर इंकांनी याच विल्काबांबाच्या डोंगराळ मुलखातून १५७२पर्यंत झुंज दिली. अमेरिकन संशोधक हायरम बिंगहॅम १९११मध्ये माचू पिचूला पोचला, पण त्याआधी १९०९मध्ये तो चोकेकिराओला येऊन गेला होता. भिंती पाहताना एक लक्षात ठेवा: माचू पिचूचा ग्रॅनाइट इथे नाही. इथला दगड पापुद्र्यांचा, घासूनपुसून सांधे जुळवण्याजोगा नाही, म्हणून मातीचा गारा घालून चिणाई केली आणि वरून लिंपलं. राजगडाच्या तटबंदीत काळ्या पाषाणाकडे पाहून ज्यांना गवंड्यांचे हात दिसतात, त्यांना इथे थांबून पाहण्यासारखं खूप आहे.

गाईड कंपनी निवडताना दरापेक्षा हे प्रश्न विचारा. गाईड वाटेच्या सुरुवातीजवळच्या काचोरा गावचा किंवा कुस्कोचाच आहे का आणि या वाटेवर नेहमी जातो का? सामान वाहणारी खेचरं किती, आणि प्रत्येकी किती किलो चालतं? एखाद्याचा पाय मुरगळला तर बसायला वेगळं जनावर बरोबर असतं का? सॅटेलाइट फोन आहे का? स्वयंपाकी आणि खेचरवाले यांना राहुट्या आणि जेवण मिळतं का? या शेवटच्या प्रश्नावर जो गडबडतो त्याच्याबरोबर जाऊ नका, असं माझं स्पष्ट मत आहे. खेचरवाल्यांना तिथे आरिएरो म्हणतात. आपण धापा टाकत चढतो तेव्हा ते आपलं अख्खं बिऱ्हाड लादून पुढे गेलेले असतात. वाटेत खेचरं आली की डोंगराच्या बाजूला अंग चोरून उभं राहा, दरीच्या बाजूला कधीच नाही. ही सवय घरूनच मनात बसवून जा.

बूट नवे नकोत. निदान दोन-तीन मोठ्या ट्रेकमध्ये वापरून पायाला बसलेले हवेत आणि पुढे बोटांसमोर अंगठ्याच्या रुंदीएवढी जागा हवी. निघण्याच्या दोन दिवस आधी पायाची नखं सरळ कापा. उतार सुरू होण्यापूर्वी थांबून नाडी पुन्हा बांधायची: आधी टाच मागे आपटून घट्ट बसवायची, बोटांकडची नाडी सैल ठेवायची, घोट्याजवळ नाडीला दुहेरी पीळ देऊन आवळायची आणि मग वरचे हूक. पाय पुढे सरकला नाही तर नखं काळी पडत नाहीत. याला दोन मिनिटं लागतात. दोन काठ्या न्या, एक नव्हे. उतारावर त्या थोड्या लांब करा, चढावर आखूड.

आता माश्या. दरीच्या खालच्या भागात, चिकिस्काचा तळ आणि नदीकाठचं प्लाया रोसालिना यांच्या आसपास, बारीक चावऱ्या माश्यांचा सुळसुळाट असतो. डासासारखा आवाज नाही, बसल्याचं जाणवत नाही. मोजा आणि पँट यांच्या मधल्या बोटभर उघड्या कातडीवर त्या नेमक्या येतात. आधी रक्ताचा टाचणीएवढा ठिपका दिसतो आणि खरी खाज दुसऱ्या दिवशी सुरू होते, ती आठवडाभर पुरते. अर्धी चड्डी घालून उतरणाऱ्यांच्या पोटऱ्या पाहवत नाहीत. कितीही उकडलं तरी पूर्ण बाह्यांचा फिकट शर्ट, लांब पँट, पँटवर ओढलेले मोजे, आणि डीट किंवा पिकारिडिन असलेलं मलम हात, मान, कानांमागे. औषधांच्या पिशवीत खाजेसाठी सेट्रिझिन आणि कॅलामाइन ठेवा. महिना उलटूनही चावल्याजागी बरी न होणारी जखम राहिली, तर त्वचेच्या डॉक्टरांना पेरूहून आल्याचं आवर्जून सांगा. तिथल्या सँडफ्लाय जातीच्या बारीक माश्यांमुळे लेशमॅनियासिस हा चिघळत राहणाऱ्या जखमांचा आजार होऊ शकतो.

ऊन आणि पाणी यांचा विचार एकत्रच करा. रुंद काठाची टोपी, मानेवर पंचा, चांगलं सनस्क्रीन. तीन लिटर पाणी मावेल अशी सोय हवी. मुक्कामांच्या ठिकाणी पाणी मिळतं, पण वरच्या अंगाला गुरं-खेचरं असतात, म्हणून उकळलेलं किंवा क्लोरीनच्या गोळ्या टाकलेलंच प्या. ओआरएसची पाकिटं इथूनच न्या, दिवसाला दोन या हिशोबाने. नदीपासून सांता रोसाकडचा चढ उन्हात अंगावर येतो. अनुभवी गाईड पहाटे चारलाच उठवतात, त्यामुळे हेडटॉर्च आणि जादा सेल हवेतच. रात्री मारामपाताला किंवा अवशेषांजवळच्या तळावर थंडी झोंबते, तेव्हा शून्याच्या आसपास चालेल अशी स्लीपिंग बॅग, लोकरीची टोपी आणि एक उबदार जाकीट लागतं. बाकी कपडे कमीच न्या.

विरळ हवेचा त्रास मात्र या वाटेवर कमी आणि कुस्कोत जास्त. कुस्को ३,४०० मीटरवर आहे, म्हणजे चोकेकिराओपेक्षाही उंच. विमानातून उतरल्यावर डोकं जड होणं, झोप न लागणं साहजिक आहे. दोन-तीन रात्री सवयीसाठी ठेवा. ओयांतायतांबोसारख्या खालच्या गावात आधी राहिलात तर आणखी बरं. विरळ हवेच्या त्रासावरची अॅसिटाझोलामाइड ही गोळी घ्यायची असेल तर डॉक्टरांना विचारून, आणि सल्फाची अॅलर्जी असेल तर ती नक्की सांगून. कोकाच्या पानांचा चहा तिथे सगळीकडे मिळतो आणि तो तिथे कायदेशीर आहे. त्याची एकही पुडी किंवा टीबॅग भारतात किंवा अमेरिकेत आणू नका. आपल्याकडे कोकाचं पान अमली पदार्थांच्या कायद्यात येतं. यानामामार्गे माचू पिचूपर्यंत आठ-नऊ दिवस चालत जाणार असाल तर वाट ४,००० मीटरच्या वर जाते, मग विरळ हवेची तयारी वेगळी करावी लागेल आणि विम्यात तेवढ्या उंचीवरचा ट्रेक आणि हेलिकॉप्टरने सुटका दोन्ही लिहिलेलं आहे का ते पाहावं लागेल.

शाकाहारी मंडळींनी नुसतं ‘कार्ने नको’ म्हणून भागत नाही. त्याचा अर्थ बऱ्याचदा लाल मांस एवढाच घेतला जातो आणि ताटात कोंबडी येते. ‘सिन कार्ने, सिन पोयो, सिन पेस्कादो’ (मांस, कोंबडी, मासे नकोत) हे पाठ करा, आणि सूप कोंबडीच्या पाण्यातलं नाही ना हेही विचारा. बटाटे, मका, किनोआ, अंडी, चीज यांवर चार दिवस उत्तम निघतात. जोडीला शेंगदाण्याची चटणी, राजगिऱ्याच्या वड्या, मेतकूट असं सीलबंद काही न्या आणि कस्टमच्या फॉर्मवर खाण्याचं सामान नोंदवा. ताजी फळं, बिया, घरचं तूप नेऊ नका. टिश्यू आणि सॅनिटरी पॅडचा कचरा झिपच्या पिशवीत परत आणायचा.

कागदपत्रांमध्ये मूळ पासपोर्ट वाटेतल्या चौकीवर लागतो, झेरॉक्स पुरत नाही. भारतीय पासपोर्टवर पेरूचा व्हिसा लागतो. ज्यांच्याकडे अमेरिका, कॅनडा, ब्रिटन, ऑस्ट्रेलिया किंवा शेंगेनचा निदान सहा महिने मुदतीचा व्हिसा वा तिथला कायम रहिवास आहे, त्यांना सूट आहे. अमेरिकेतल्या मराठी कुटुंबांना त्यामुळे हा ट्रेक बराच सोपा पडतो. निघण्याआधी दूतावासाकडून सध्याचा नियम एकदा खात्री करून घ्या. सोल हे पेरूचं चलन रोख, तेही सुट्ट्या नोटांत, कुस्कोतच काढा. गाईड, स्वयंपाकी आणि आरिएरो यांची बक्षिसी वेगवेगळ्या पाकिटांत आधीच घालून ठेवा, म्हणजे शेवटच्या दिवशी कोणी राहून जात नाही.

आणि सगळ्यात जास्त लोक विसरतात ती गोष्ट: पीतज्वराची लस. पेरू भारताच्या पीतज्वराच्या देशांच्या यादीत आहे. तिथून निघाल्यावर सहा दिवसांच्या आत भारतात उतरलात आणि लशीचं पिवळं कार्ड नसेल, तर विमानतळावरूनच विलगीकरणात जावं लागू शकतं. लस सरकारमान्य केंद्रांवरच मिळते, प्रमाणपत्र दहा दिवसांनी लागू होतं आणि केंद्रांवर तारीख मिळायला वेळ लागतो, म्हणून दोन महिने आधी नोंदणी करा. कार्ड मोठ्या बॅगेत टाकू नका, पासपोर्टच्या पाकिटातच ठेवा. परतीचं विमान ट्रेक संपल्याच्या दुसऱ्या दिवशीचं नको. दरड किंवा रास्ता रोको झाला की काचोरा ते कुस्को हा एरवी चार-पाच तासांचा रस्ता दिवसभर अडतो. मध्ये एक दिवस रिकामा ठेवा. काही अडलं नाही तर त्या दिवशी कुस्कोत कपडे धुवायला टाका आणि बुटांची माती नीट घासून काढा.