सगळ्या रिमोटांचं काम एकाच रिमोटवर: निवड आणि जोडणी

युनिव्हर्सल रिमोट, म्हणजे अनेक उपकरणं चालवणारा एकच रिमोट, घेण्याआधी घरातले सगळे रिमोट तपासून घ्या. मोबाइलचा सेल्फी कॅमेरा सुरू करा, रिमोटचं टोक त्याच्यासमोर धरा आणि बटण दाबा. स्क्रीनवर जांभळट ठिपका लुकलुकला, तर रिमोट इन्फ्रारेडवर चालतो. सेल नवे असूनही काहीच दिसलं नाही, तर तो बहुधा ब्लूटूथचा. साधा युनिव्हर्सल रिमोट त्याची जागा घेऊ शकत नाही.

खोक्यावर ‘८ उपकरणं’ लिहिलंय की १५, याला फार महत्त्व देऊ नका. ‘लर्निंग’ची, म्हणजे मूळ रिमोटकडून बटणं शिकून घेण्याची सोय आहे का ते बघा, म्हणजे कोडच्या यादीत नसलेलं जुनं उपकरणही चालवता येतं. टचस्क्रीन दिसते झकास, पण अंधारात बोटांना बटणंच बरी.

आता जोडणी. टीव्ही चालू ठेवा, दिवा लागेपर्यंत सेटअपचं बटण दाबून धरा, मग ‘टीव्ही’चं बटण दाबून पुस्तिकेतला तुमच्या टीव्हीच्या कंपनीचा कोड टाका. टीव्ही बंद झाला म्हणून लगेच खूश होऊ नका. आवाज, मेनू, इनपुट सगळं दाबून बघा. अर्धवट जुळणारे कोड बरेच असतात. अडलं तर पुढचा कोड.

कोड नसेल तर दोन्ही रिमोट टेबलावर समोरासमोर, २ ते ५ सेंटिमीटरवर ठेवा आणि एकेक बटण शिकवा. रिमोटांवर ऊन येत असेल तर पडदा ओढा.

एसीचं गणित वेगळं. त्याचा रिमोट दर वेळी तापमान, पंखा, मोड असा सगळा निरोप एकत्र पाठवतो. त्यामुळे २३ वरून २४ करताना शिकवलेलं ‘वाढवा’ बटण पुढे नेहमी २४च लावतं. त्यापेक्षा एक बटण ‘२४ अंश, मंद पंखा’ आणि दुसरं ‘बंद’ असं शिकवावं.

एका बटणावर सगळं सुरू करणारा मॅक्रो बसवताना पॉवरच्या बटणाकडे लक्ष द्या. चालू आणि बंद दोन्हींचा कोड एकच असेल, तर आधीच चालू असलेला टीव्ही बंद होईल. वेगळे कोड मिळाले तर तेच वापरा. इनपुट बदलण्याआधी काही सेकंदांची उसंत ठेवा आणि मॅक्रो संपेपर्यंत रिमोट खाली ठेवू नका.

जमलेले कोड सेलच्या झाकणाच्या आत लिहून चिकटवा, कारण काही रिमोट सेल बदलताना सगळं विसरतात. मूळ रिमोट सेल काढून ठेवून द्या. आतच राहिलेले सेल गळतात.