प्रयोग रंगत नाही? डॉल्बी वाढवायच्या आधी या चुका टाळा

शिवजयंतीचा चित्ररथ असूदे, गणपतीतला सजीव देखावा असूदे नाहीतर यात्रेतलं नाटक असूदे, आमच्या बेळगावकडं, इकडं खानापूर तिकडं निपाणीपर्यंत, तालमीत एकच रडगाणं ऐकायला मिळतं, "सगळं केलं की, पण रस काय चढेना." आणि औषध पण एकच. आवाज वाढवा, मागचं म्युझिक वाढवा, रडणाऱ्याला सांगा अजून रड.

आता गंमत बघा, ह्याच दुखण्यावर हजारेक वर्षांपूर्वी काश्मीरच्या अभिनवगुप्ताने लिहून ठेवलंय. भरताच्या नाट्यशास्त्रावर त्याची अभिनवभारती नावाची टीका म्हणजे भाष्य आहे, त्यात सहाव्या अध्यायावर लिहिताना तो म्हणतो की रस म्हणजे विघ्न नसलेली प्रतीती, मधे काही आडवं न येता आलेला अनुभव, आणि मग सात विघ्नं एकेक करून सांगतो. शोक, भय, उत्साह ह्यांचे संस्कार बघणाऱ्याच्या मनात आधीपासून असतातच, आपण ते त्याच्यात घालत नसतो, मधे काय आडवं आलंय ते बघायचं आणि काढायचं. सातही पाठ करत बसू नका, आपल्याकडं जे सारखं घडतंय तेवढंच सांगतो.

पात्र रडलं की करुण झाला असं धरून चालणं

सगळ्यात मोठी चूक ही. शोक हा भाव पात्राचा, करुण हा रस बघणाऱ्याचा. अभिनवगुप्ताच्या आधीच्या भट्टनायक ह्या काव्यशास्त्रकाराने ह्यावर साधारणीकरण सांगितलं, म्हणजे रंगमंचावरचं दुःख अमक्याचं-तमक्याचं राहत नाही, माझंही नाही आणि शेजाऱ्याचंही नाही, म्हणून तर ते चाखता येतं. कालिदासाच्या शाकुंतलातला कण्व, शकुंतलेला वाढवणारा ऋषी, आठवा, शकुंतला सासरी निघालीये आणि म्हाताऱ्याचा गळा दाटलाय, पण का दाटलाय, तर त्याने अश्रू अडवून धरलेत म्हणून. तो म्हणतो, माझ्यासारख्या रानात राहणाऱ्याची ही गत तर संसारी माणसांचं काय होत असेल. इथं लेक गडहिंग्लजला दिलेला बाप असूदे की लेक नसलेला कॉलेजचा पोरगा, दोघांचे डोळे भरतात. कण्वाला गळा काढून रडवला असता तर लोक त्याच्याकडं नुसतं बघत बसले असते.

ह्याची उलटी बाजू पण आहे. एका प्रयोगात पुढच्या रांगेतल्या एक काकू हमसून हमसून रडायला लागल्या, दिग्दर्शक विंगेत एकदम खूश, "बघ, पब्लिक रडायलंय!" नंतर कळलं, त्यांच्या घरातलं माणूस नुकतंच गेलेलं. अभिनवगुप्ताच्या हिशेबात हे यश नाहीच, स्वतःच्याच सुखदुःखात अडकून पडणं हे त्याच्या सात विघ्नांपैकीच एक. त्यावर उपाय तो सांगतो गाणं-वाद्य, सजवलेला मंडप, म्हणजे घरून डोक्यात घेऊन आलेलं ओझं आधी खाली ठेवायला लावायचं. आपल्याच जिल्ह्यातल्या गुर्लहोसूरच्या अण्णासाहेब किर्लोस्करांनी 1880 साली पुण्यात संगीत शाकुंतल उभं केलं, त्यात नांदीपासून पदं पेरलेली, ती नुसती हौस म्हणून नव्हती असं माझं मत. आजकाल वेळ वाचवायला पहिली कात्री नांदीला लागते आणि मग पहिली वीस मिनिटं लोक जागेवर येत नाहीत.

भावनेचं नाव घेऊन मोकळं होणं

मम्मट ह्या काव्यशास्त्रकाराच्या काव्यप्रकाश ग्रंथात सातव्या उल्लासात म्हणजे प्रकरणात रसदोष आहेत, त्यातला पहिलाच हा, रस किंवा स्थायीभाव, म्हणजे शोक-उत्साहासारखा त्याच्या मुळाशी असलेला भाव, त्याच्याच शब्दाने सांगून टाकणं. आपले सजीव देखावे ह्यात फर्स्ट क्लास. कोंढाण्याचा देखावा होता, 1670 ची लढाई, तानाजी पडलाय, घरी रायबाच्या लग्नाची तयारी आणि निरोप येतो. रेकॉर्ड केलेला आवाज काय बोलतोय, तर "माऊलीवर दुःखाचा डोंगर कोसळला, सर्वत्र शोककळा पसरली." आणि ती बाई मधे उभी, हात कपाळाला लावलेला, तिला करायला काहीच नाही कारण सगळं स्पीकरनेच सांगून टाकलंय.

मग ती दोन वाक्यं काढली. बाईंना खाली बसवलं, हातात मुंडावळ्या दिल्या, मोती ओवत बसा म्हटलं, दुसरं काही करू नका. मावळा आत येतो, मुजरा करतो आणि मान खालीच ठेवतो, वर बघतच नाही. बाईंचा हात थांबतो, दोऱ्यातले दोन-तीन मोती ओघळून फळीवर टपटपतात, आणि त्या परत दोरा ओवायला बघतात पण सुईला दोरा सापडत नाही. बस. मुंडावळ्या हा विभाव म्हणजे भाव जागवणारं कारण, चुकणारा हात हा अनुभाव म्हणजे बाहेर दिसणारा परिणाम, विषाद आणि जडता हे व्यभिचारी म्हणजे सोबत येणारे-जाणारे भाव, भरताचं सूत्र हेच तर सांगतंय की ह्यांच्या संयोगातून रस होतो, नाव घेऊन नाही. ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवरचा सहा मिनिटांचा देखावा पण त्याला सूत्र तेच.

जाता जाता, नुसत्या अश्रूंवर विसंबू नका. अश्रू आनंदाने पण येतात आणि डोळे आले तरी येतात, हे माझं नाही, अभिनवगुप्ताचंच उदाहरण आहे, संशय हे त्याचं शेवटचं विघ्न. कारण, परिणाम आणि सोबतचे भाव तिन्ही एकत्र दिसले की संशय राहत नाही.

भलत्या वेळी भलतं

मम्मट ह्याला अकांडे प्रथन आणि अकांडे छेद म्हणतो, नको तिथं पसरवणं आणि नको तिथं तोडणं. पसरवण्याचं उदाहरण त्याने वेणीसंहार ह्या संस्कृत नाटकाच्या दुसऱ्या अंकाचं दिलंय, तिकडं वीर धडाधड पडतायत आणि दुर्योधन बायको भानुमतीबरोबर शृंगारात. आपल्याकडं अफजलखानाच्या प्रवेशाआधी कॉमेडी स्किट घुसवतात तो ह्याच घराण्यातला प्रकार.

आणि तोडणं म्हणजे सत्कार. दुसरा अंक चढत आलाय, वीररस अगदी टिपेला, आणि अध्यक्ष माईकवर, "दोन मिनिटं, प्रमुख पाहुण्यांचं आत्ताच आगमन झालेलं आहे." शाल, श्रीफळ, फेटा, फोटो, परत एकदा फोटो, कारण पहिल्यांदा उपाध्यक्ष आले नव्हते. नंतर नट जीव तोडून ओरडला तरी गाडी पहिल्या गिअरलाच. पाहुणे कधी पण येऊदेत, सत्कार नांदीच्या आधी नाहीतर नाटक संपल्यावर, हे वर्गणी गोळा करतानाच मिटिंगमधे ठरवून टाका.

एकच भाव परत परत पेटवणं हा पण दोषच, आणि त्याचं उदाहरण देताना मम्मटाने कुमारसंभवातल्या रतिविलापाला, मदन गेल्यावर रतीने केलेल्या शोकाला, म्हणजे थेट कालिदासालाच धरलंय, तेव्हा आपल्या लेखकाला चार पानांचा विलाप कापायला सांगताना लाजू नका.

नऊच्या नऊ रस कोंबणं

स्पर्धेच्या पत्रकात "नवरसांनी नटलेलं" लिहायचं म्हणून हे होतं. भरताने आठच सांगितलेत, नववा शांत रस नंतर आला. त्याहून महत्त्वाचं म्हणजे प्रधान काय ते दिसलं पाहिजे, अप्रधानता पण विघ्नच आहे. एक धरा, बाकीचे त्याच्या सेवेला.

प्रेक्षकाला नावं ठेवणं

"आपलं पब्लिक सहृदय नाही", म्हणजे रस घेणारं नाही, हे वाक्य प्रयोग पडल्यावर हमखास येतं. नाट्यशास्त्राचा 27 वा अध्याय सगळा सिद्धीवर आहे, प्रयोग पोचला हे कशावरून ओळखायचं त्याच्यावर, आणि तिथं भरत सरळ लिहितो की तरुणाला एक आवडतं, म्हाताऱ्याला दुसरं, शूराला तिसरं. आमच्याकडं तर एकाच मंडपात मराठी आणि कन्नड दोन्ही घरातली माणसं, कन्नड पारिजात हे लोकनाट्य बघून आलेले आजोबा पण तिथंच. लांबलचक स्वगतं निम्म्यांच्या डोक्यावरून जातात, आंगिक अभिनय, म्हणजे अंगाने केलेला, सगळ्यांना कळतो.

त्याच अध्यायात विरोधकांनी प्रयोग पाडायचे प्रकार पण आहेत, शेण फेकणं, ढेकळं मारणं, मुंग्या सोडणं सुद्धा. तुमच्या मंडपात हे होत नसेल तर दोष बहुतेक घरचाच. रंगीत तालमीला मंडळाची दोन पोरं शेवटच्या रांगेत बसवा, आधी कथा न सांगता, आणि काय ऐकू आलं नाही, कोण कोणाचा कोण ते कुठं कळलं नाही, सगळं वहीत लिहून घ्या. पहिल्या पानावर बहुतेक माईक आणि लाईटच येणार, ते दुरुस्त करायला पैसे पण फार लागत नाहीत.