फेसेंजान कुठे फसतं? या चुका टाळा

फेसेंजान हे इराणच्या कास्पियन किनाऱ्यावरच्या गिलान प्रांताचं कालवण. मूळचं बदकाचं, आता बहुतेक घरी कोंबडीचं. अक्रोड आणि डाळिंबाचा आटवलेला रस यांत ते मंद आचेवर शिजतं. यल्दाच्या, म्हणजे वर्षातल्या सर्वांत मोठ्या रात्री ते अनेक इराणी घरांत आवर्जून केलं जातं. साहित्य मोजकंच लागतं. बिघडतं ते बहुधा घाईमुळे आणि आपल्या रश्श्याच्या सवयींमुळे.

पहिली चूक अक्रोड घेतानाच होते. खवट अक्रोडाचा वास तासन्‌तास शिजवूनही जात नाही, म्हणून दळण्याआधी दोन-तीन तुकडे चावून बघा. भाजायचे तर अगदी हलके. काळपट झाले की कडवटपणा आलाच, आणि तो साखरेने झाकला जात नाही. पाऊण किलो कोंबडीला पाव किलो अक्रोड घ्या आणि शेंगदाण्याच्या कुटापेक्षा बारीक दळा. भरड राहिले तर रस्सा रवाळ लागतो.

आता खरी मेख. अक्रोडाचा कूट तीन-चार कप पाण्यात घालून जाड बुडाच्या स्टीलच्या पातेल्यात एकदम मंद आचेवर निदान तासभर शिजवायचा. सुरुवातीला मिश्रण फिकट, मातकट आणि बेचव दिसतं. इथेच धीर सुटतो आणि लोक आच वाढवतात. कूट तळाशी बसतो, लागतो आणि सगळ्या पातेल्याला करपट वास येतो. दर काही मिनिटांनी तळापासून ढवळत राहा. अधूनमधून बर्फाचे एक-दोन खडे किंवा थोडं गार पाणी घाला. तेल सुटायला त्याने मदत होते, असा इराणी स्वयंपाकघरांतला अनुभव आहे. वर अक्रोडाच्या तेलाचा तवंग दिसेपर्यंत पुढे जाऊ नका. घड्याळापेक्षा तवंगावर विश्वास ठेवा. कुकरचा मोह तर टाळाच: ढवळता येत नाही, आणि दाट कूट तळाशी करपतो.

कोंबडी आधीपासून टाकली तर तिचे धागे होतात. कांदा, चिमूटभर हळद आणि मीठ घालून ती वेगळी परता आणि तवंग आल्यावर पातेल्यात सोडा. तंगड्या घ्या, छातीचं मांस कोरडं पडतं. पुढे पाऊण तास पुरतो. बदकाला बराच जास्त वेळ द्यावा लागतो.

डाळिंबाच्या रसाबद्दल आपल्याकडच्यांनी जास्त जपायला हवं. इराणी रोब-ए अनार, म्हणजे डाळिंबाचा आटवलेला रस, आंबट असतो. आपला ‘भगवा’ जातीचा डाळिंब गोड, त्यामुळे सोलापूरच्या डाळिंबांचा रस घरी आटवला की कालवण गुळमट होतं. त्यात लिंबू पिळा. बाटलीतला घेतलात तर साखर किती आहे ते लेबलवर वाचा. काही बाटल्यांत डाळिंबापेक्षा साखर आणि सायट्रिक ॲसिडच जास्त. अर्ध्या कपाने सुरुवात करा, चाखा, मग वाढवा. एकदम सगळा ओतला आणि आंबट ढाण झालं, तर साखर थोडी थोडी घाला. गिलानमध्ये ते आंबटच आवडतं, इतरत्र गोडाकडे झुकतं. तुम्हाला कसं हवं ते आधी ठरवा.

आलं-लसूण, गरम मसाला, कढीपत्त्याची फोडणी यांतलं काहीही नको. दालचिनीची चिमूट आणि केशर पुरे. मसाल्याखाली अक्रोड हरवला तर इतका वेळ शिजवून उपयोग काय?

रंग फिका वाटला तर खाण्याचा रंग घालू नका. पूर्वी इराणी बायका पातेल्यात स्वच्छ लोखंडाचा तुकडा टाकत. अक्रोड-डाळिंबातल्या टॅनिन या तुरट द्रव्याशी लोखंडाची क्रिया होऊन रस्सा गडद होतो. लोखंडी पळी थोडा वेळ ठेवूनही फरक पडतो, फक्त जास्त वेळ ठेवली तर लोखंडाची चव येते.

फार दाट झालं तर गरम पाणी घाला, पातळ राहिलं तर झाकण काढून आटवा. शक्य असेल तर आदल्या दिवशी करा. दुसऱ्या दिवशी चव जास्त मुरते. गरम करताना मात्र परत मंद आच आणि तळापासून ढवळणं. सोबत मोकळा, पांढरा भात.