पावसाचा मराठी आलेख काढायला बसण्याआधी

आलेख पायथनमध्ये काढायचा आणि त्यावरची अक्षरं मराठीत हवीत, असं ठरलं असेल तर आकड्यांना हात लावण्याआधी एक काम करा. मॅटप्लॉटलिब या पायथनच्या आलेख काढणाऱ्या लायब्ररीत कोरी चौकट उघडा, शीर्षक म्हणून फक्त ‘विदर्भ’ लिहा आणि चित्र सेव्ह करून बघा.

पहिल्यांदा रिकामे चौकोन दिसतील, कारण मॅटप्लॉटलिबच्या डेजाव्हू सॅन्स या मूळ फॉन्टमध्ये देवनागरी नाही. नोटो सॅन्स देवनागरी किंवा मुक्ता हा देवनागरी फॉन्ट लावला की चौकोन जातात आणि बरेच जण इथेच समाधान मानतात. तुम्ही मानू नका. शब्द मोठा करून नीट बघा. ‘व’च्या आधी यायला हवी ती ऱ्हस्व वेलांटी ‘व’च्या नंतर येऊन ‘द’वर चढलेली असेल. ‘भ’च्या डोक्यावर रफार नसेल, त्याऐवजी अलीकडे पाय मोडलेला ‘र’ उभा असेल. यात फॉन्टचा दोष नाही. वेलांटी मागे नेणं, रफार वर चढवणं, जोडाक्षर जुळवणं हे काम हार्फबझसारखी वेगळी यंत्रणा करते. बहुतेकांच्या मशिनवर ज्या मॅटप्लॉटलिबच्या आवृत्त्या आहेत, त्या हे काम करत नाहीत. त्या एकेक चिन्ह उचलतात आणि टाइप केलेल्या क्रमानं शेजारी शेजारी ठेवतात.

चाचणीला ‘मराठवाडा’ किंवा ‘कोकण’ घेतलात तर हमखास फसाल, कारण त्यांत ना ऱ्हस्व वेलांटी, ना रफार, ना जोडाक्षर. हवामान खात्याच्या महाराष्ट्रातल्या चार उपविभागांपैकी कोकण व गोवा आणि मराठवाडा ही दोन नावं सुरळीत उमटतात, विदर्भ आणि मध्य महाराष्ट्र मोडतात. म्हणून चाचणीचा शब्द अवघडच घ्यावा.

यातून वाट कोणती काढायची, ते आलेख कुठे दिसणार यावर ठरवा. वेबपानावर जाणार असेल तर प्लॉटली, अल्टेअर किंवा डी-थ्री यांपैकी एखादी वेबवर आलेख काढणारी लायब्ररी घ्या. तिथे अक्षरं ब्राउझर मांडतो आणि ब्राउझरला देवनागरी येते. मॅटप्लॉटलिबच हातात बसलं असेल तर सेटिंगमध्ये एसव्हीजी डॉट फॉन्टटाइप ‘नन’ करा आणि फाइल एसव्हीजी म्हणून सेव्ह करा. मूळ सेटिंग ‘पाथ’ असतं, त्यात अक्षरांच्या आकृत्या होऊन बसतात आणि चूक कायमची गोठते. ‘नन’ केलं की मजकूर मजकूरच राहतो. मग ती फाइल इंकस्केप या चित्रं काढायच्या प्रोग्रॅममध्ये उघडून पीएनजी काढा, ‘विदर्भ’ जागच्या जागी येतो. एक गोष्ट मात्र तपासा. सूचीच्या (लेजंडच्या) चौकटीची रुंदी मॅटप्लॉटलिबनं आपल्या मोडक्या मापानंच काढलेली असते, त्यामुळे उजवीकडे जागा कमी किंवा जास्त पडू शकते. फाइल दुसऱ्याला पाठवायची असेल तर एसव्हीजी पाठवू नका, त्याच्याकडे तो फॉन्ट असेलच असं नाही. एमपीएल-कैरो ही तिसरी वाट, म्हणजे मॅटप्लॉटलिबला जोडायची, देवनागरी नीट जुळवणारी वेगळी चित्रयंत्रणा. ती बसवताना थोडी खटपट आहे, पण रोज आलेख काढणाऱ्यानं ती एकदा करावीच.

एवढं झालं की आकडे उघडा. हवामान खात्याच्या ग्रिड डेटामध्ये जिथे नोंद नाही तिथे उणे ९९९ असतं. ते तसंच राहिलं तर सरासरी पार खाली जाते, आणि बेरजेत अशा दोनचारच नोंदी मिसळल्या तर चूक डोळ्यांना दिसतही नाही. म्हणून पांडाज या पायथनच्या डेटा हाताळणाऱ्या लायब्ररीनं फाइल वाचतानाच उणे ९९९ म्हणजे रिकामं, हे सांगून ठेवा. रिकामं म्हणजे शून्य नव्हे. ज्या दिवशी मोजलंच नाही तो दिवस कोरडा होता असं आलेखानं सांगू नये. तारखा दिवस-महिना-वर्ष अशा असतील तर तेही वाचतानाच सांगा, नाहीतर ७ ऑगस्टचा पाऊस ८ जुलैला पडतो आणि कुठलाही एरर येत नाही.

तारखेचा आणखी एक पेच आहे. आपल्याकडे पावसाचा दिवस सकाळी साडेआठला संपतो. २६ जुलै २००५ ला मुंबई बुडाली, पण सांताक्रूझचा ९४४ मिलिमीटरचा आकडा २७ जुलैच्या सकाळी साडेआठपर्यंतच्या चोवीस तासांचा आहे आणि नोंदीत तो २७ तारखेखाली येतो. त्याच चोवीस तासांत कुलाब्याला ७५ मिलिमीटरही झाला नाही. हे दोन स्तंभ शेजारी काढले तर आलेखाखाली ‘सकाळी ८.३० पर्यंतचे २४ तास’ ही ओळ यायलाच हवी. ती नसेल तर ज्याला तो दिवस आठवतो तो तारखेवरून तुमच्यावर अविश्वास दाखवेल, आणि त्याचं बरोबर असेल.

मग अक्ष. कोकण व गोव्याची मोसमी सरासरी सुमारे २,८७० मिलिमीटर, मराठवाड्याची सुमारे ६४३. दोन्ही एकाच अक्षावर टाकलं की कोकणाचा स्तंभ आभाळाला भिडतो आणि मराठवाड्यात यंदा पीक तरेल का, हा ज्या आकड्यात जीव आहे तो आकडा तळाशी चेपून जातो. मराठवाड्यातल्या वाचकासाठी आलेख असेल तर सरासरीपासूनच्या फरकाची टक्केवारी काढा, किंवा चार वेगळ्या चौकटी करून प्रत्येकीला स्वतःचा अक्ष द्या आणि अक्ष वेगवेगळे आहेत हे चौकटीवरच लिहा. टक्केवारी घेतलीत तर खात्याच्या सीमा वापरा: उणे १९ ते अधिक १९ सर्वसाधारण, उणे २० ते उणे ५९ तूट, त्याखाली मोठी तूट. या रेषा फिकट आडव्या ओढून ठेवल्या की आलेख स्वतःच बोलतो. स्तंभांचा अक्ष शून्यापासूनच सुरू करावा, यात तडजोड नको.

टक्केवारीत उणे आकडे येतात आणि तिथे आणखी एक खड्डा आहे. मॅटप्लॉटलिब उणे चिन्हासाठी साध्या आडव्या रेघेऐवजी वेगळं युनिकोड चिन्ह वापरतं, आणि ते काही देवनागरी फॉन्टांत नसतं. युनिकोड-मायनस हे सेटिंग बंद करा, किंवा फॉन्टच्या यादीत दुसऱ्या क्रमांकावर डेजाव्हू ठेवा. एका फॉन्टमध्ये न सापडलेलं चिन्ह पुढच्या फॉन्टमधून घेण्याची सोय ३.६ या आवृत्तीपासून आहे. अक्षावरचे आकडेही मराठीत हवेत तर चार ओळींचं फंक्शन लिहून मॅटप्लॉटलिबच्या फंकफॉरमॅटरला द्या. त्यातच लाख-कोटींचे स्वल्पविराम बसवा, कारण पायथनचा साधा स्वल्पविराम एक लाखाला शंभर हजारांसारखा तोडतो. उलट दिशेला काळजी नको, फाइलीत ‘२०२४’ असं लिहिलेलं असलं तरी पायथनचं इंट हे फंक्शन ते संख्या म्हणून ओळखतं.

रंगांबद्दल थोडक्यात: तूट तांबडी, जास्तीचा पाऊस निळा, मध्य शून्यावर बांधलेला, त्यासाठी मॅटप्लॉटलिबमध्ये टू-स्लोप-नॉर्म आहे. तांबड्या-हिरव्याची जोडी घेऊ नका, काहींना त्यातला फरक दिसत नाही. पंचायतीत बहुधा काळीपांढरी झेरॉक्सच वाटली जाते, म्हणून आकडे स्तंभांवर लिहाच.

आकार आधी ठरवा, अक्षरं नंतर. मूळ आकार ६.४ बाय ४.८ इंच, म्हणजे १०० डीपीआयला ६४० बाय ४८० पिक्सेल. मोबाइलवर उभा आलेख बरा वाचला जातो. व्हॉट्सॲपवर फोटो म्हणून पाठवला की बारीक अक्षरं पुसट होतात, म्हणून डॉक्युमेंट म्हणून पाठवावा. काना-मात्रा-रफारांसाठी देवनागरीला उंची जास्त लागते, तेव्हा दोन ओळींच्या शीर्षकात ओळींमधलं अंतर वाढवा.

ही सगळी सेटिंग एका स्टाइल फाइलीत लिहा आणि कोड, फॉन्टची फाइल, मूळ न बदललेला डेटा आणि लायब्ररींच्या आवृत्त्यांची यादी तिच्यासोबत एकाच फोल्डरमध्ये ठेवा. नोटो आणि मुक्ता दोन्ही खुल्या परवान्याचे आहेत, त्यामुळे फॉन्ट सोबत देण्यात अडचण नाही. फोल्डर दुसऱ्या कोणाच्या तरी मशिनवर चालवून बघा, आणि तिथेही सुरुवात ‘विदर्भ’पासूनच करा. हे मे महिन्यात झालं तर जूनमध्ये रोज फक्त आकडे भरायचे उरतात.