अमेरिकन विनोदी कथेवर मराठीत समीक्षा लिहिताना

गोव्यातील एखाद्या महाविद्यालयात किंवा गावच्या वाचक मंडळात अमेरिकन विनोदी साहित्यावर पहिला समीक्षालेख लिहायला बसणाऱ्या वाचकाला डोळ्यांसमोर ठेवून ही मार्गदर्शिका लिहिली आहे. अशा लेखांत एक उणीव वारंवार दिसते. कथेत गमतीचे काय घडले हे लेखक तपशिलाने सांगतो, पण ते कोणाच्या तोंडून, कोणत्या भाषेत आणि कोणाला उद्देशून सांगितले गेले याकडे त्याचे लक्षच जात नाही. माझ्या पहिल्या लेखातही हीच उणीव होती. अमेरिकन विनोदाचा मोठा भाग हा सांगणाऱ्याच्या आवाजाचा विनोद आहे आणि आवाज निसटला की हाती केवळ कथानक उरते. घरी कोकणी बोलणाऱ्या आणि मराठीत वाचणाऱ्या-लिहिणाऱ्या गोमंतकीयाला एका भाषेतून दुसऱ्या भाषेत शिरताना माणसाचा दर्जा, जवळीक आणि सूर कसे बदलतात हे लहानपणापासून ठाऊक असते. तोच अनुभव या कामी सर्वांत उपयोगी पडतो.

सुरुवातीला एका लेखकाचे समग्र साहित्य हाती घेऊ नये. एकच छोटी कथा निवडावी. मी मार्क ट्वेनची उडी मारणाऱ्या बेडकाची कथा सुचवीन. ती 18 नोव्हेंबर 1865 रोजी न्यूयॉर्कच्या एका साप्ताहिकात प्रथम छापली गेली आणि तिनेच ट्वेनचे नाव देशभर केले. ती प्रताधिकारमुक्त असल्यामुळे इंटरनेटवर विनामूल्य मिळते. पणजीला पाटो येथे असलेले, 1832 साली स्थापन झालेले कृष्णदास शामा मध्यवर्ती ग्रंथालय टिपणे काढण्यासाठी उत्तम आहे, पण कथेचे पहिले वाचन तिथे करू नये, कारण ते मोठ्याने करायचे आहे. घरच्या बाल्कांवात बसून, शक्यतो एका श्रोत्यासमोर, संपूर्ण कथा वाचावी आणि श्रोता जिथे हसला तिथे पेन्सिलीने खूण करावी. बहुतेक खुणा घटनांपाशी नसून सांगण्याच्या वळणांपाशी असल्याचे आपल्या लगेच ध्यानात येईल.

दुसऱ्या वाचनात कथेची चौकट शोधावी. या कथेत एक सुशिक्षित निवेदक मित्राच्या सांगण्यावरून कॅलिफोर्नियातील एंजल्स नावाच्या खाणवस्तीत जातो आणि तेथील जुनाट दारूच्या गुत्त्यात बसलेल्या सायमन व्हीलर नावाच्या म्हाताऱ्याकडे रेव्हरंड लिओनिडास स्मायली या गृहस्थाची चौकशी करतो. व्हीलर त्याला कोपऱ्यात गाठतो, खुर्ची आडवी घालून वाट अडवतो आणि जिम स्मायली नावाच्या भलत्याच माणसाची कथा सुरू करतो. जिमला कशावरही पैज लावण्याचे व्यसन होते. त्याची दमेकरी घोडी शर्यत संपता संपता कशीबशी मानभर पुढे येई. त्याचा कुत्रा प्रतिस्पर्ध्याचा मागचा पाय धरून लोंबकळत राही आणि जिंके, पण एकदा मागचे पायच नसलेला कुत्रा समोर उभा राहिला आणि त्या धक्क्याने बिचारा खचून मेला. बेडकाला जिमने तीन महिने उडी मारण्याचे शिक्षण दिले होते. एका परक्या माणसाने त्या बेडकाच्या पोटात बंदुकीचे छर्रे भरले आणि चाळीस डॉलर जिंकून तो चालता झाला.

कथासार इतके पुरे. लेखात ते याहून लांबवू नये. खरा विचार पुढे आहे. निवेदकाची भाषा नीटनेटकी, लांब वाक्यांची आणि थोडी त्रासलेली आहे, तर व्हीलरची बोलीभाषा संथ आणि अखंड वाहणारी आहे. व्हीलर एकदाही हसत नाही, कपाळाला आठी घालत नाही, आपण काही गमतीचे सांगत आहोत याची पुसटशी चाहूलही लागू देत नाही. इंग्रजीत या गुणाला ‘डेडपॅन’ म्हणतात, पण त्यासाठी मराठीत नवा शब्द घडवण्याची गरज नाही. आपल्याकडे ‘साळसूदपणा’ हा नेमका शब्द आहे आणि समीक्षेत तोच वापरावा. त्याचप्रमाणे या परंपरेतील अचाट गोष्टींना नुसती ‘अतिशयोक्ती’ म्हणून सोडून देऊ नये. अतिशयोक्ती हा अलंकार एका वाक्यात संपतो, पण ‘लोणकढी थाप’ ही रचना असते. ती पडताळून पाहता येईल अशा साध्या तपशिलापासून सुरू होते आणि पायरीपायरीने अशा उंचीवर जाते की श्रोत्याने नेमका कुठे विश्वास सोडायला हवा होता हे त्याला मागाहूनही सांगता येत नाही. घोडी, कुत्रा, बेडूक या क्रमाकडे त्या दृष्टीने पाहावे.

ट्वेनने 1895 साली गोष्ट कशी सांगावी यावर एक निबंध लिहिला. त्यात त्याने विनोदी गोष्टीला अमेरिकन म्हटले, हास्यजनक चुटक्याला इंग्लिश आणि चतुर उक्तीला फ्रेंच म्हटले. पहिलीचा परिणाम सांगण्याच्या पद्धतीवर आणि उरलेल्या दोहोंचा मजकुरावर अवलंबून असतो, असे त्याचे म्हणणे. देशवार केलेली ही वाटणी मला मान्य नाही, पण पद्धत आणि मजकूर हा भेद अतिशय उपयुक्त आहे. आपल्या नाट्यशास्त्राने हास्याचे आत्मस्थ आणि परस्थ असे दोन भेद केले आहेत. स्वतः हसणे हे आत्मस्थ आणि दुसऱ्याला हसवणे हे परस्थ. व्हीलरमध्ये आत्मस्थ हास्याचा लवलेश नाही आणि परस्थ मात्र पुरेपूर आहे, असे लिहिले तर मराठी वाचकाला एका वाक्यात मुद्दा कळतो. अशा संज्ञा आधार म्हणून वापराव्यात. स्मितापासून अतिहसितापर्यंत सहाही प्रकार कथेत शोधून दाखवण्याचा हट्ट धरू नये.

पेडण्याकडे दशावतार पाहिलेल्यांना संकासुराची आठवण होईल. तो बोलीत बोलतो, इतर पात्रे ग्रंथिक मराठीत बोलतात आणि त्या दोन भाषांच्या टकरीतून हशा पिकतो. ही तुलना लेखात जरूर करावी, पण फरकही सांगावा. संकासूर येताच तो हसवणार हे प्रेक्षकाला कळलेले असते. व्हीलरच्या बाबतीत अशी कोणतीही खूण दिलेली नाही आणि म्हणूनच निवेदक शेवटपर्यंत त्याला कंटाळवाणा म्हातारा समजतो.

येथे थोडा इतिहास लागतो. ट्वेनच्या आधी, 1830 च्या दशकापासून जॉर्जिया, अलाबामा, आर्कान्सा या भागांत वकील, न्यायाधीश आणि संपादक यांनी खेडवळ, दांडग्या माणसांच्या गोष्टी छापल्या. ऑगस्टस लाँगस्ट्रीटचा जॉर्जियाच्या चित्रांचा संग्रह 1835 चा आहे, तर थॉमस थॉर्पची आर्कान्सातील अस्वलाची कथा 1841 ची. त्यांपैकी अनेक कथांत आरंभी आणि शेवटी सभ्य निवेदक शुद्ध भाषेत बोलतो आणि मधल्या भागात बोली येते. केनेथ लिन या समीक्षकाने 1959 साली असे मांडले की ही चौकट साथीच्या वेळी घालतात तशा नाकेबंदीसारखी होती; सभ्य लेखकाने स्वतःला आपल्या पात्रांपासून सुरक्षित अंतरावर ठेवले होते. हे विधान हाताशी आले की बेडकाच्या कथेत ट्वेनने काय उलटवले ते स्पष्ट दिसते. येथे नाकेबंदीच्या आतला सभ्य माणूसच फसलेला आहे. मित्राने त्याला साळसूदपणे पाठवले, व्हीलरने साळसूदपणे अडकवले आणि कथेतल्या परक्याने जिमला साळसूदपणे लुटले. या बेडकात दुसऱ्या बेडकांहून चांगले असे काही मला दिसत नाही, हे त्या परक्याचे वाक्य कथेत दोनदा येते. पहिल्या वेळी ते अज्ञान वाटते, दुसऱ्या वेळी तेच शब्द विजयाचे ठरतात. समीक्षालेखाचा कणा होऊ शकेल असे हे निरीक्षण आहे आणि ते पैजेच्या निकालाकडे पाहून सुचत नाही, वाक्याचा सूर ऐकूनच सुचते.

अवतरणे देताना भाषांतराचा प्रश्न उभा राहतो आणि येथे घाई करू नये. या कथेचे फ्रेंच भाषांतर 1872 साली पॅरिसच्या एका प्रतिष्ठित नियतकालिकात आले होते. ट्वेनने ते फ्रेंच वाक्यरचना जशीच्या तशी ठेवून पुन्हा इंग्रजीत आणले आणि 1875 साली मूळ कथेसह छापले. अर्थ बराचसा टिकूनही आवाज कसा नाहीसा होतो हे त्यातून कोणालाही दिसते. परक्याच्या मूळ वाक्यात इंग्रजी व्याकरणाला न मानवणारा दुहेरी नकार आहे. मराठीत तो तसाच आणला तर अर्थच बिघडेल. ‘ह्या बेडकात दुसऱ्या बेडकांपेक्षा चांगलं असं मला तरी काय दिसत नाय’, असे भाषांतर मी करीन. ‘नाय’ आणि ‘काय’ एवढ्या दोन खुणा बोलीचा सूर लावायला पुरतात. व्हीलरला संपूर्ण मालवणीत किंवा कोकणीत बोलायला लावणे मला पटत नाही, कारण मग वाचकाला कॅलिफोर्नियाची खाणवस्ती न दिसता ओळखीचा गाव दिसू लागतो आणि कोकणी म्हणजे हसण्याची भाषा असा एक चुकीचा, आपल्या घरालाच दुखावणारा ग्रह त्यातून पक्का होतो.

कोणाला हसले जात आहे, हा प्रश्न टाळून अमेरिकन विनोदावर प्रामाणिक लेख होऊ शकत नाही. कॉन्स्टन्स रूर्क यांनी 1931 च्या आपल्या ग्रंथात अमेरिकन विनोदाच्या मुळाशी तीन आकृती दाखवल्या: धूर्त यांकी (म्हणजे ईशान्य अमेरिकेतला माणूस), सरहद्दीवरचा रानगडी आणि चेहरा काळा रंगवून केलेल्या मिन्स्ट्रेल खेळांतली काळ्या माणसाची आकृती. तिसरी आकृती गोऱ्या नटांनी गुलामगिरीच्या काळात लोकप्रिय केली होती आणि तिची छाया पुढच्या साहित्यावर दीर्घकाळ पडली. ट्वेनच्या हकलबरी फिनच्या कादंबरीतील जिम या पळालेल्या काळ्या गुलामावर (बेडकाच्या कथेतला जिम वेगळा) लिहिताना ही गोष्ट पहिल्याच परिच्छेदात यायला हवी. राल्फ एलिसन या काळ्या कादंबरीकाराने 1958 च्या निबंधात म्हटले आहे की ट्वेनने जिमला त्या खेळांच्या साच्यात बसवले, पण त्याच मुखवट्याआडून जिमची प्रतिष्ठा आणि माणुसकी प्रकट होते. दोन्ही अर्धी वाक्ये उद्धृत करावीत. एकच घेतले तर लेख निव्वळ आरोप तरी होतो किंवा निव्वळ सारवासारव तरी. आपल्या उत्सवी नाटकांच्या प्रहसनांत जातीवरून आणि शारीरिक व्यंगावरून झालेले विनोद ज्यांनी ऐकले आहेत, त्यांना हा प्रश्न दूरचा वाटू नये.

याच धाग्यावर लँगस्टन ह्यूज या काळ्या लेखकाचे सिंपल हे पात्र येते. 1943 पासून शिकागोच्या काळ्या वाचकांच्या वृत्तपत्रात त्याची संभाषणे छापली गेली. न्यूयॉर्कच्या हार्लेम या काळ्या वस्तीतला हा साधा कामकरी माणूस बोलत राहतो आणि शिकलेला निवेदक ऐकत राहतो, म्हणजे जुनीच चौकट, पण बोलणारा आणि ऐकणारा दोघेही काळे. विनोदाची सूत्रे कोणाच्या हाती गेली हे दाखवायला याहून चांगले उदाहरण मला माहीत नाही.

जेम्स थर्बर यांच्या वॉल्टर मिटीपाशी फार रेंगाळण्याची गरज नाही. मार्च 1939 मध्ये आलेल्या त्या कथेत दोन भाषांची टक्कर एकाच डोक्यात चालते. दिवास्वप्नातली शौर्याची, चित्रपटी भाषा एका बाजूला आणि बायकोने सांगितलेल्या खरेदीची भाषा दुसऱ्या बाजूला. बायकोला केवळ कटकट करणारी म्हणून रंगवण्यातला एकांगीपणा मात्र नोंदवावा. आपल्या चिमणरावाशी तुलना करायची असेल तर एका विशिष्ट प्रसंगाची एका विशिष्ट प्रसंगाशी करावी. अमुक लेखक म्हणजे मराठीतले मार्क ट्वेन, अशी वाक्ये दोन्ही लेखकांवर अन्याय करतात.

विनोदाची चिरफाड करता येते, पण बेडकाप्रमाणे तोही त्यात मरतो, असे ई. बी. व्हाइट यांनी 1941 च्या एका संकलनाच्या प्रस्तावनेत म्हटले होते आणि समीक्षकाला गप्प करायला ते विधान अजून पुढे केले जाते. मला ते पटत नाही. बेडकाची कथा मी अनेकदा उलगडून शिकवली आहे आणि परक्याचे वाक्य दुसऱ्यांदा येते तो भाग दरवेळी पुन्हा हसवतो. विनोद मरतो तो स्पष्टीकरण विनोदाच्या आधी आले तर. म्हणून लेखात आधी अवतरण द्यावे, मग परिच्छेद बदलावा आणि त्यानंतरच विश्लेषण करावे. ‘अत्यंत हास्यस्फोटक’, ‘खळाळून हसवणारे’ ही विशेषणे कच्च्या खर्ड्यातून खोडून टाकावीत आणि त्या जागी हसू कोणत्या शब्दापाशी येते ते लिहावे.

लेख पुरा झाला की तोही मोठ्याने वाचावा, आणि कथा न वाचलेल्या श्रोत्यासमोर वाचावा. तो अवतरणांपाशी हसला नाही, तर बहुधा भाषांतरात आवाज हरवलेला असतो किंवा अवतरणाआधीचे आपले वाक्य जास्त सांगून गेलेले असते. आधी ते वाक्य काढून पाहावे आणि मग भाषांतराला हात घालावा.