डॅशकॅमच्या डेटावर काम करायचंय? आधी केबिनमध्ये बसा

"ताई, रोड सेफ्टीच्या डेटामध्ये यायचं तर कोणता कोर्स करू?" हा प्रश्न मला महिन्यातून दोन-तीनदा तरी येतो. विचारणारे बहुतेक नाशिकचेच असतात, स्टॅटिस्टिक्सची बी.एस्सी. झालेले नाहीतर इंजिनिअरिंगच्या शेवटच्या वर्षाला असलेले. फोनवर मी घाईत काहीतरी सांगते आणि मग वाटतं, मुख्य गोष्ट राहूनच गेली. म्हणून एकदा नीट लिहिते.

मी या कामात आले ते एका पहाटेमुळे. ८ ऑक्टोबर २०२२ ला नाशिकच्या औरंगाबाद रोडवर यवतमाळहून मुंबईला चाललेल्या खासगी बसला अपघात झाला, बस पेटली आणि १२ जण गेले. आम्ही त्याच बाजूला, नाशिकच्या आडगावला राहतो. बाबा ट्रक चालवतात आणि त्या पहाटे ते त्याच रस्त्याने घरी यायचे होते. त्यांचा फोन लागायला वीस मिनिटं गेली. ती वीस मिनिटं आई ओट्यापाशी नुसती उभी होती. गॅसवर दूध उतू जात होतं आणि ते बंद करायचं आम्हा दोघींनाही सुचलं नाही. पुढे डिग्री झाल्यावर मी अंबडच्या एका वाहतूक कंपनीत कंट्रोल रूमला लागले.

काम काय असतं ते आधी सांगते. ट्रकच्या काचेला कॅमेरा असतो, तोच डॅशकॅम. त्यात सिमकार्ड, जीपीएस आणि धक्का मोजणारा सेन्सर. गाडी कुठे आहे हे दर सेकंदाला नोंदलं जातं. जोरात ब्रेक लागला किंवा गाडी झटक्यात वळली की तेवढा क्षण 'इव्हेंट' म्हणून सर्व्हरवर येतो, सोबत आधीच्या-नंतरच्या काही सेकंदांची क्लिप. बाकीचं रेकॉर्डिंग कॅमेऱ्यातल्या कार्डावरच राहतं आणि कार्ड भरलं की जुनं पुसून त्यावर नवं चढतं. अपघात झाला तर पहिल्यांदा ते कार्ड काढून जपून ठेवायचं असतं, कारण कापलेली-जोडलेली फाइल पुरावा म्हणून टिकत नाही. आता भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ प्रमाणे इलेक्ट्रॉनिक नोंदीसोबत प्रमाणपत्रही द्यावं लागतं.

नव्या माणसाला वाटतं, नकाशावर ठिपका पडला म्हणजे जागा कळली. पण ताशी ६० किलोमीटरने जाणारी गाडी एका सेकंदात जवळजवळ १७ मीटर पुढे गेलेली असते, आणि त्यात जीपीएसची स्वतःची काही मीटरची चूक. नाशिकच्या द्वारका चौकात तर वर उड्डाणपूल, खाली चौक, आणि नकाशावर दोन्हींचा ठिपका एकाच जागी. पुलावरून जाणाऱ्या गाड्यांचे ब्रेक मी महिनाभर खालच्या चौकाच्या खात्यात टाकत होते. वेग बघायला लागले तेव्हा उलगडा झाला. भर सकाळी द्वारका चौकातून ताशी ५५ ने कोण जाणार?

तसंच खड्ड्यांचं. खड्ड्यात गाडी वर-खाली आदळते, ब्रेकला पुढे झुकते. कॅमेरा तिरका किंवा ढिला बसला असेल तर सेन्सरला दोन्ही सारखेच वाटतात. त्यामुळे कॅमेरा बसवणाऱ्या मेकॅनिकशी चांगली ओळख ठेवा. डेटाचे निम्मे आजार त्यालाच माहीत असतात.

आता माझी मोठी चूक. हे सगळं लिहायला बसले ती खरं तर तिच्यासाठी.

मुंबई-आग्रा महामार्गावर पिंपळगाव ते चांदवड या पट्ट्यात एका गावाच्या अलीकडे हार्ड ब्रेकचे ठिपके दाटून आले होते. वेळ दिसत होती रात्री ११ ते १. त्यात सगळ्यात जास्त ठिपके आमच्या एका ड्रायव्हर काकांचे, वय पंचावन्नच्या पुढे. मी रिपोर्टमध्ये लिहिलं की रात्री उशिरा त्यांचं लक्ष कमी होतं, समज द्यावी. त्या महिन्याचा त्यांचा बोनस कापला गेला. काका काही बोलले नाहीत. ऑफिसात आले, रजिस्टरवर सही केली, खांद्यावरच्या नॅपकिनने चष्मा पुसला आणि निघून गेले.

मला चैन पडेना. परवानगी काढून त्यांच्याच गाडीत बसले, सोबतीला बाबा आले. साडेअकराला आम्ही त्या जागेवर पोचलो. रस्ता सरळ, मोकळा, एकही ब्रेक लागला नाही. मी विचारलं, "काका, इथे तुम्हाला ब्रेक का मारावा लागतो?" ते म्हणाले, "ताई, आत्ता कशाला मारू? पहाटे साडेचारला या, मग कळेल."

साडेचार ऐकलं आणि माझ्या पोटात गोळा आला. सर्व्हरवरची वेळ ग्रिनिचची होती, आपल्यापेक्षा साडेपाच तास मागे. तिथले रात्रीचे ११ म्हणजे इथले पहाटेचे साडेचार आणि १ म्हणजे साडेसहा. एक क्लिप जरी बघितली असती तरी कोपऱ्यात छापलेली वेळ दिसली असती. पण इंटरनेटचा खर्च वाचवायला त्या गाड्यांच्या क्लिप मागवणं बंद होतं आणि नुसत्या आकड्यांवर मी एका माणसाला दोषी ठरवलं होतं.

चांदवडला चहा घेऊन थांबलो आणि पहाटे परत फिरलो. लाल कांद्याचे दिवस होते. बाजार समितीत लवकर नंबर लागावा म्हणून शेतकरी अंधारातच ट्रॅक्टर काढतात. दुभाजकातला कट गावापासून लांब, त्यामुळे वळसा वाचवायला ट्रॅक्टर कडेने उलट्या बाजूने येत होते. समोर एकच दिवा दिसला, मला वाटलं मोटारसायकल आहे. काकांनी ब्रेक दाबला, माझ्या पायांतली पाण्याची बाटली घरंगळत पुढे गेली, आणि त्या एका दिव्यामागून कांद्याने भरलेली अख्खी ट्रॉली बाहेर आली. दुसरा दिवा बंद होता. ट्रॉलीला मागे-पुढे कुठेच रिफ्लेक्टर नव्हता. कांद्यावर एक मुलगा गोधडी पांघरून झोपला होता.

ज्या ब्रेकसाठी मी काकांचे पैसे कापायला लावले, त्या ब्रेकने दर वेळी कुणाला तरी वाचवलं होतं. बोनस परत मिळाला. मी त्यांची माफी मागितली. ते म्हणाले, "विचारलं असतं तर सांगितलं असतं."

म्हणून कोर्सच्या आधी मी हे सांगते: निदान एक रात्र आणि एक पहाट केबिनमध्ये बसा. ठिपका कुठे आहे ते सर्व्हर सांगतो, तो का आहे हे ड्रायव्हर सांगतो.

ट्रॅक्टरची ही जागा धोक्याच्या जागांच्या कुठल्याच यादीत नव्हती. सरकारी व्याख्येप्रमाणे राष्ट्रीय महामार्गावरचा 'ब्लॅक स्पॉट' म्हणजे साधारण ५०० मीटरचा असा तुकडा, जिथे तीन वर्षांत मृत्यू किंवा गंभीर दुखापतीचे ५ अपघात झालेत किंवा १० मृत्यू झालेत. दुरुस्तीचा पैसा आधी कुठे घालायचा हे ठरवायला अशी व्याख्या लागतेच. पण ती माणसं गेल्यावर लागू होते. पोलीस ज्या ई-डारमध्ये, म्हणजे अपघातांच्या सरकारी ऑनलाइन नोंदवहीत, नोंद करतात त्यातही घडलेला अपघात येतो, थोडक्यात हुकलेला येत नाही. देशात २०२२ या एका वर्षात १,६८,४९१ माणसं रस्त्यावर गेली. त्याआधी किती ब्रेक वेळेवर लागले असतील आणि ते कुणी मोजलेच नसतील, हा विचार माझ्या मनातून जात नाही. अमेरिकेत व्हर्जिनियाच्या संशोधकांनी १०० गाड्यांवर कॅमेरे लावून अभ्यास केला होता. २००६ मध्ये आलेल्या त्याच्या अहवालात ८२ टकरींसमोर थोडक्यात हुकलेले ७६१ प्रसंग होते. आपल्याकडे नागपूरला २०२१ पासून 'आयरास्ते' प्रकल्पात शहर बसना धोक्याची सूचना देणारी यंत्रं बसवून, अजून ब्लॅक स्पॉट न झालेल्या जागा, म्हणजे 'ग्रे स्पॉट', शोधायचं काम सुरू झालं. या क्षेत्रात येणाऱ्याने नागपूरचं हे काम वाचायलाच हवं.

एकट्या कंपनीचा डेटा मात्र पुरत नाही. आमच्या चार-पाच गाड्या पहाटे तिथून जायच्या. तेवढ्यावर योगायोग कुठला आणि धोका कुठला हे ठरत नाही. शिवाय नुसते ब्रेक मोजून चालत नाही, दर शंभर फेऱ्यांमागे किती ब्रेक लागले ते बघावं लागतं. नाहीतर जिथे गाड्या जास्त तीच जागा धोक्याची दिसते. त्यासाठी द्राक्षांचे कंटेनर, कांद्याचे ट्रक, खासगी बस, सगळ्यांचे ठिपके एका नकाशावर हवेत. इथे मालक लोक अडतात, आणि त्यांचं चुकतं असं मी म्हणणार नाही. कुणाची गाडी कुणाच्या गोडाऊनला जाते हे कळलं की उद्या गिऱ्हाईक तुटतं. आम्ही काय केलं, तर गाडीचा नंबर आणि ड्रायव्हरचं नाव काढून टाकलं, फेरीचा पहिला आणि शेवटचा काही किलोमीटरचा भाग कापला, जागा शंभर मीटरच्या चौकोनात आणि वेळ तासात बसवली. एवढं केल्यावर तीन मालक तयार झाले. डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण कायदा २०२३ चा आहे, तो मुळातून वाचा. पण कायदा नसता तरी मी हेच केलं असतं.

मालकांपेक्षा ड्रायव्हरचा विश्वास मिळवणं कठीण. आतल्या बाजूला रोखलेल्या कॅमेऱ्यावर नॅपकिन टाकणारे आमच्याकडे होतेच, आणि त्यांचा राग मला समजतो. बारा-बारा तास कुणी आपल्या तोंडाकडे बघत बसावं हे कुणाला आवडेल? ठिपक्यांवरून पगार कापायचा नाही असं कंपनीने लिहून दिलं, तेव्हा नॅपकिन कमी झाले. मग काका लोक स्वतः फोन करून सांगायला लागले, "ताई, राहूड घाटाच्या अलीकडे बघा, खडी सांडलीय."

शिकायचं काय, हे आता थोडक्यात. एसक्यूएल (डेटाबेसमधून हवी ती माहिती काढायची भाषा) आणि पायथन (प्रोग्रामिंगची भाषा) हवंच. क्यूजीआयएस हे नकाशांचं सॉफ्टवेअर फुकट आहे, आजच घ्या आणि आपल्या गावचा रस्ता त्यात काढून बघा. स्टॅटिस्टिक्समध्ये दर आणि संख्या यांतला फरक डोक्यात पक्का बसू द्या. टाइम झोनचं काय होतं ते वर वाचलंच आहे. नोकऱ्या वाहतूक कंपन्यांत, विमा क्षेत्रात, गाड्यांना सूचना देणारी यंत्रं बनवणाऱ्यांकडे आहेत. सुरुवातीला बहुधा क्लिपमधल्या गाड्या-माणसांभोवती चौकोन काढायचं काम मिळेल, म्हणजे कॉम्प्युटरला त्या ओळखायला शिकवता येतं. ते करा, पण त्यातच वर्षानुवर्षं राहू नका. आणि एक पान स्वच्छ मराठीत लिहायला शिका: जागा, वेळ, कारण, उपाय, दोन फोटो. महामार्गाच्या इंजिनिअरसमोर माझं तेच पान चाललं, चाळीस स्लाइड्स कुणी उघडल्या नाहीत.

एक गोष्ट कुणी आधी सांगत नाही. काही क्लिपमध्ये माणूस मरताना दिसतो. तशी क्लिप एकट्याने बघू नका, आवाज बंद ठेवा, त्या दिवशी दुसरी बघू नका. आणि ती कुणालाही, कितीही जवळच्या मित्राला व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवू नका. त्या माणसाच्या घरीही कुणीतरी फोन लागायची वाट बघत असतं.

त्या गावाजवळ आता पिवळा ब्लिंकर लागलाय. कट होता तिथेच आहे, त्यामुळे उलटे येणारे अजून येतात. आम्ही बाजार समितीच्या गेटवर उभं राहून ट्रॉल्यांना रिफ्लेक्टरची टेप लावतो. माती आणि धुळीने ती एका हंगामात निघून जाते, म्हणून दर वर्षी लावावी लागते. यंदाही लाल कांदा सुरू झाला की पहाटे चारला आडगावहून निघू. यायचं असेल तर कळवा, आणि स्वेटर घालून या. निफाडकडची थंडी तुम्हाला माहीत आहेच.