सड्यावरचा अकेशिया कसा काढावा

अकेशियाचं झाड तोडणं हे यातलं सगळ्यात सोपं काम आहे. तोडल्यानंतरच्या पहिल्या पावसात तुम्ही काय करता, यावर पुढचं सगळं ठरतं, आणि नेमकं तेच कोणी सांगत नाही.

अकेशिया, म्हणजे ऑस्ट्रेलियन बाभूळ, हे झाड उत्तर ऑस्ट्रेलिया, पापुआ न्यू गिनी आणि इंडोनेशियाकडचं. भारतात ते १९४६ साली पश्चिम बंगालमध्ये आलं. आपल्याकडे कोकणात सामाजिक वनीकरणाच्या काळात वरकस म्हणजे हलक्या जमिनीवर, सड्यावर म्हणजे जांभ्या कातळाच्या उघड्या माळावर, रस्त्याकडेला त्याच्या रांगा उभ्या राहिल्या. जांभ्यावर तगतं, मुळांच्या गाठींमुळे नत्राची गरज स्वतः भागवतं, गुरं तोंड लावत नाहीत, सरपणाला उत्तम. हे सगळं खरंच आहे. पण वादळात याच्या फांद्या काडकन मोडतात आणि खालचा पाचोळा लवकर कुजत नाही. त्या जाड थराखाली देशी रोप क्वचितच वर येतं.

परवानगीचं आधी विचारून घ्या. पिवळे तुरे गळून शेंगा धरल्या, की त्या सुकून कानासारख्या पिळवटण्याआधी तोड करा. शेंग उकलली की काळं बी नारिंगी दोऱ्याला लोंबतं आणि पाखरं ते शेजारच्या बागेत नेऊन टाकतात. खोड जमिनीला टेकून कापा. ज्यांना फुटवा हवा असतो ते दीड-दोन फूट खुंट ठेवतात. तुम्हाला तो नको आहे. उरलेल्या खुंटाची साल कोयत्याने मातीपर्यंत सोलून काढा. जेसीबी लावू नका, उतारावरची सैल झालेली माती पहिल्याच पावसात वाहून जाते.

आता मुख्य गोष्ट. पाचोळा जाळू नका.

मी जाळला होता. भाजावळीची, म्हणजे भातपेरणीआधी जमीन भाजण्याची, सवय असलेल्या माणसाला रान साफ करायचं म्हणजे आग लावायची हेच सुचतं. वैशाखात सगळं पेटवलं, जमीन काळीभोर झाली, मला समाधान वाटलं. मृगाचा पाऊस पडला आणि आषाढात तिथे अकेशियाची रोपं भाताच्या तरव्यासारखी दाट उभी राहिली. वीस झाडं तोडली होती, त्यांच्या जागी हजारो आली. कारण साधं आहे. या बियांचं कवच टणक असतं, इतकं की रोपवाटिकेत ती उकळत्या पाण्यात टाकून मग रात्रभर भिजवतात. तेच काम माझ्या आगीने वर्षानुवर्षं मातीत साठलेल्या बियांवर एकदम केलं. पाचोळा जाग्यावर राहू द्या. तो माती धरतो आणि खालचं बी अंधारात ठेवतो.

तरीही रोपं येतीलच. ती ओळखता आली पाहिजेत. कोवळ्या रोपाची पहिली पानं खैरासारखी बारीक पिसांची असतात. मग देठ रुंद होत जातो, पिसं गळतात आणि उरतं ते लांबट, कोयतीसारखं वाकलेलं ‘पान’. खरं तर तो चपटा देठच असतो. एकाच रोपावर पिसं आणि चपटे देठ दोन्ही दिसले, की तो अकेशिया. खैराला लहानपणापासून वाकडे काटे असतात, याला काटा नसतो. मजुरांना एक रोप हातात देऊन दाखवा, नाहीतर ते खैरही उपटतात. माझ्याकडे उपटले गेले आहेत.

रोप वीतभर व्हायच्या आत, माती ओली असताना, बुडाशी धरून मुळासकट उपटा. कोयत्याने वरच्यावर छाटलं तर ते खालून पुन्हा फुटतं आणि पुढच्या वर्षी हाताने निघत नाही. एक फेरी आषाढात, दुसरी गणपतीनंतर. एका वर्षात संपेल असं जो सांगतो त्याने हे काम केलेलं नाही. बी मातीत अनेक वर्षं टिकतं, तेव्हा किमान चार पावसाळे धरून चला. म्हणूनच सगळा सडा एकदम मोकळा करू नका. जेवढ्या तुकड्यात तुम्ही वर्षातून दोनदा वाकून फिरू शकता, तेवढाच घ्या.

लागवड दुसऱ्या पावसाळ्यात. कातळाच्या फटीत करवंद आणि तोरण, जिथे फूटभर माती असेल तिथे किंजळ, आईन, जांभूळ, ओहळाच्या कडेने करंज. अकेशियाला गुरं सोडून देतात, या रोपांना नाही, आणि भात कापून झालं की गावची गुरं मोकळी सुटतात. तोडलेल्या फांद्या विकून टाकण्याआधी कुंपणापुरत्या बाजूला काढा, फक्त त्यांवर एकही शेंग राहिलेली नाही हे बघून.